भुताचे दुभाषी

मामांसमोर कुणी 'मला अमुक भाषा येत नाही' म्हणालं, की पंगतीत बसून 'मला भात गिळता येत नाही' म्हणणाऱ्याकडे बघावं तसं ते त्याच्याकडे बघतात. भाषा 'यावी' लागते हेच त्यांना मंजूर नाही. "यायला ती काय जावई आहे? ती असतीच. आपण फक्त सरकून जागा द्यायची."

त्यांचा सिद्धांत असा, की माणूस जन्मभर बोलतो ते चारच शब्द: ये, जा, दे, नको. बाकी सगळा फोडणीचा मसाला. हे चार शब्द मामांना कन्नडमध्ये येतात: बा, होगु, कोडु, बेडा. तेलुगूत येतात: रा, पो, इव्वु, वद्दु. दखनीत येतात, आणि त्यातलं 'नक्को' तर ते इतक्या वजनानं म्हणतात, की समोरच्यानं काही मागितलेलं नसलं तरी तो हात मागे घेतो. एवढ्या बारा-सोळा शब्दांच्या भांडवलावर मामांनी बीदर जिल्ह्यात साठ वर्षं दुभाष्याचा धंदा केला. त्याला धंदा म्हणायचा तो सवयीनं, कारण पैसे त्यांनी कधी घेतले नाहीत. श्रेय मात्र एका पैशानंही कमी केलं नाही.

अशी माणसं आमच्याकडं गावोगाव आहेत. भालकीत आहेत, औरादला आहेत, हुमनाबादच्या बसस्टँडवर तर दोन आहेत आणि त्यांचं एकमेकांशी पटत नाही. पण आमचे मामा त्या जातीचे सर्वात वरच्या पायरीवरचे, कारण ते फक्त माणसांचं भाषांतर करून थांबले नाहीत.

पोटापाण्याला ते अर्जनवीस. कचेरीबाहेरच्या कडुलिंबाखाली पत्र्याची पेटी, वर पाट, पाटावर कागद, कागदावर दगड. अर्ज कन्नडमध्ये लिहायचा, अर्जदाराची कैफियत मराठीत ऐकायची, आणि जमिनीचा जुना पुरावा बघायचा तो उर्दूत. कारण निजामाच्या राज्यातली सेतवारं आणि खासरे त्या लिपीत, आणि त्या कागदाचा मालक त्याच्याकडे कोंबडीच्या पायांचे ठसे बघावेत तसा बघतो. लहानपणी मामा एका मौलवीसाहेबांकडे अलिफ-बे शिकले होते. ते जे वाचतात ते कागदावर तसंच लिहिलेलं असतं का, हे तपासू शकणारी माणसं आता गावात उरलेली नाहीत. हीच त्यांच्या अधिकाराची भक्कम बाजू.

दुभाषेपण मामांकडं वारशानं आलं, आणि त्याला कारण 1956 साल. आमच्या पणजोबांनी तीन मुली दिल्या त्या सगळ्या बीदर जिल्ह्यातच दिल्या. एक उदगीरला, एक जहीराबादला, एक इथंच. लेकी जिल्ह्याबाहेर देणार नाही, असा त्यांचा बाणा होता. मग 1 नोव्हेंबर 1956 ला राज्यं नव्यानं आखली गेली. उदगीर, निलंगा, अहमदपूर हे तालुके मुंबई राज्यात गेले, जहीराबाद आंध्रात गेलं आणि उरलेलं बीदर म्हैसूर राज्यात. एका सकाळी पणजोबा उठले तेव्हा त्यांच्या तीन लेकी तीन राज्यांत नांदत होत्या. घराबाहेर कुणी पाऊल टाकलं नव्हतं. त्यांच्या पुढच्या पिढ्या तीन भाषांच्या शाळांत शिकल्या आणि घरात लग्न निघालं, की एका मांडवात तिन्ही राज्यं जेवायला बसू लागली. मध्ये मामा.

लग्नातलं मामांचं भाषांतर हा बघण्याचा प्रकार होता. जहीराबादकडचे एक व्याही ताटावर बसल्या बसल्या तेलुगूत कडाडले. वरणात मीठ नाही, ही काय पद्धत झाली, असा एकूण रोख. वधूपिता पांढराफटक पडून मामांकडे बघू लागला. मामांनी मान डोलवत सांगितलं, "म्हणूलालेत की बीपी आहे, बेतानं मीठ घातलंत ते बरं केलंत." वधूपित्यानं हात जोडले. हात जोडलेले बघून व्याही विरघळले. मामांनी आयुष्यात एकाही भांडणाचं खरं भाषांतर केलेलं नाही, आणि आमच्या खानदानात तीन राज्यं मिळून एकही सोयरीक तुटलेली नाही. या दोन गोष्टींचा संबंध असावा, असा मला दाट संशय आहे.

बीदरला गेले, की ते महमूद गवानच्या मदरशासमोर उभे राहतात. गीलानहून आलेल्या त्या वजिरानं 1472 मध्ये बांधलेली ही इमारत. दोन मिनारांपैकी एक उरलाय, पण दर्शनी भिंतीवर निळ्या-पांढऱ्या फरशांतली अक्षरं अजून टिकून आहेत. इतकी उंचावर, की वाचणाऱ्याची मान मोडावी. कुणी पुण्या-मुंबईचा प्रवासी तिकडं बोट करून विचारतो, "काय लिहिलंय हो वर?" मामा चष्मा पुसतात, डोळ्यांवर ठेवतात, बराच वेळ बघतात आणि सावकाश म्हणतात, "फार चांगलं लिहिलंय. आता असं कोण लिहितं!" प्रवासी समाधानानं पुढं जातो. यात मामा खोटं काहीच बोललेले नाहीत, हे लक्षात घ्यावं.

माणसं आणि भिंती झाल्यावर मामा तिसऱ्या वर्गाकडं वळले. गाणगापूर आमच्याकडून लांब नाही, शेजारच्या कलबुर्गी जिल्ह्यात, भीमा-अमरजेच्या संगमावर. तिथं आरतीच्या वेळी बाधा झालेली माणसं किंचाळतात, घुमतात, खांबांना धरून वर चढतात. ढोल, घंटा आणि त्यातून फुटणारे ते आवाज. पहिल्यांदा ऐकणाऱ्याच्या पोटात गोळा येतो. बाधा बहुतेक बायकांना, आणि सोबत उभे असतात ते सासरचे लोक, भेदरलेले. मामा अशा वेळी अचूक त्यांच्या शेजारी उगवतात. "काय म्हणूलालंय ते?" सासरा विचारतो. ते जे काही असतं ते कधी कन्नडमध्ये असतं, कधी मराठीत, बहुतेकदा कुठल्याच भाषेत नसतं. मामा कान देऊन ऐकतात आणि निकाल देतात: "चार दिवस माहेरी जायचं म्हणूलालंय."

चाळीस वर्षांत मामांनी ऐकलेल्या प्रत्येक भुतानं हीच मागणी केलेली आहे. मी एकदा छेडलं, की मामा, एखाद्या भुताला दुसरं काही हवं असेल की. मामा म्हणाले, "भूत म्हणजे काय रे? ज्याचा अर्ज निकाली निघाला नाही तो माणूस. अर्ज काय ते नीट ऐकून घ्यायचं. बायकांचा अर्ज साधारण एकच असतो."

आता दिवाळी, 2014.

मामांचा नातू हैदराबादला संगणकाच्या नोकरीत. त्यानं प्लेस्टेशन 4 आणलं होतं, आणि त्यात एक खेळ: पी.टी. त्याच वर्षी 12 ऑगस्टला तो फुकटात उपलब्ध झाला होता. करणाऱ्याचं नाव दिलं होतं '7780एस स्टुडिओ', आणि असा स्टुडिओ जगात नव्हताच. मागं खरा माणूस होता जपानचा हिदेओ कोजिमा. 'सायलेंट हिल' या भुताखेतांच्या मालिकेतला पुढचा खेळ येतोय, ही बातमी त्यानं या खेळाच्या पोटात लपवली होती. शेवटपर्यंत पोचेल त्यालाच ती कळणार. नातवानं हे कौतुकानं सांगितलं. मामा म्हणाले, "म्हणजे बेनामी व्यवहार." आणि खुर्ची ओढून टीव्हीसमोर बसले. बेनामी म्हटल्यावर त्यांचा जीव रमतो.

खेळ म्हणजे एक बोळ. काटकोनात वळणारा. टोकाला दार. दार उघडावं तर पलीकडे पुन्हा तोच बोळ, तीच भिंतीवरची चित्रं, तेच घड्याळ, त्यात तेच 23:59. प्रत्येक फेरीला काहीतरी थोडंसं बिघडलेलं. दिवा झुलतो, मोरीत मूल रडतं, वर कठड्याशी एक बाई उभी असते. हिचं नाव लिसा. जगभरची पोरं हा बोळ चालताना किंकाळ्या फोडत होती. आमच्याकडच्या पोरांनीही चादरी तोंडात कोंबल्या. मामा मात्र निवांत सुपारी कातरत होते. "यात भ्यायचं काय? जमिनीच्या पहाणीवर नाव चढवायला निघालेला माणूस असाच फिरतो. या खिडकीतून त्या खिडकीत, त्या दारातून या दारात, आणि शेवटी परत पहिली खिडकी. घड्याळातसुद्धा तेच वाजलेलं असतं, जेवणाच्या सुट्टीचं."

त्या बोळात एक रेडिओ आहे. तो इंग्रजीत बातम्या देत असतो: एका बापानं बायको-पोरांना मारलं, आणि हे असं आणखीही काही घरांत घडलंय. मध्येच आकडे म्हणतो, दोन-शून्य-चार-आठ-सहा-तीन. इथपर्यंत मामांनी लक्ष दिलं नाही. त्यांचं इंग्रजी 'हियरइनआफ्टर' आणि 'सेड प्रॉपर्टी' या पट्ट्यातलं, त्यात खून बसत नाही. पण एका फेरीत रेडिओचा आवाज बदलला. कुणी पुरुष खालच्या पट्टीत, संथपणे, भलत्याच भाषेत बोलू लागला. नातू म्हणाला, "हे काय आहे कुणालाच कळत नाही, आज्जा. खेळात लपवलेलं आहे."

मामांनी सुपारी आणि अडकित्ता खाली ठेवला.

"परत लाव."

परत लावलं. चार वेळा लावलं. दिवाळीचा फराळ तसाच राहिला, बाहेर पोरांचे फटाके चालले होते ते मामींनी जाऊन बंद करवले. पाचव्या वेळी मामांनी डोळे उघडले.

"सोपं आहे. 'या' म्हणाला. 'दे' म्हणाला. मग 'हाण' म्हणाला. आणि शेवटाला तेलुगूत 'इंते', म्हणजे एवढंच. नवरा आहे. सासऱ्याला बोलावून घेतलं, पैसे मागितले, दिले नाहीत, हाणलं. हुंड्याची केस आहे. पोरीला माहेरी जायचंय."

नातू हसून लोळायचा बाकी होता, पण मध्येच थांबला. कारण बाईला नवऱ्यानंच मारलेलं होतं. ते रेडिओनं इंग्रजीत सांगितलेलं मामांनी ऐकलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी नातवानं शोधून आणलं, की ती भाषा स्वीडिश. एका जपानी माणसानं केलेल्या खेळातल्या इंग्रजी घरातल्या रेडिओवर स्वीडिश. जगभरातल्या खेळाडूंनी स्वीडनवाल्यांना गाठून अर्थ लावून घेतला होता. त्यात 75 वर्षांपूर्वीच्या एका रेडिओनाटकाची आठवण निघते. रोख आहे तो अमेरिकेतल्या ऑर्सन वेल्सच्या नाटकाकडे. 30 ऑक्टोबर 1938 ला, रविवारी, मंगळावरचे लोक उतरले अशी बातमीच्या थाटात त्यानं गोष्ट सांगितली आणि ऐकणाऱ्यांतल्या काहींनी ती खरी मानली. थोडक्यात, रेडिओवर फार विश्वास ठेवू नका असं रेडिओच सांगत होता, आणि तेही ऐकणाऱ्याला कळणार नाही अशा भाषेत. मला हे फार आवडलं. मामांना काही विशेष वाटलं नाही.

त्यांना हवा होता शब्दांचा हिशोब. तो नातवानं दिला. स्वीडिशमध्ये 'मी' या शब्दाचा उच्चार 'या' असाच होतो. 'ते' म्हणायचं असलं की 'दे'. 'तो' म्हणजे 'हान'. आणि 'इंते' म्हणजे नकार, 'नाही'.

मामा बराच वेळ गप्प. मला वाटलं, साठ वर्षांत पहिल्यांदा शिकस्त झाली. मग ते म्हणाले, "म्हणजे शब्द मी बरोबर ऐकले." हे खोडून काढता येईना. "अर्थ त्यांचा वेगळा निघाला, त्याला मी काय करू? आणि 'नको'चा शब्द मला नवा मिळाला. इंते." दुपारी चहाला विचारलं तेव्हा त्यांनी कपावर हात आडवा धरून गंभीरपणे 'इंते' म्हटलं. मामींनी दुसरा कप आणला नाही. स्वीडिश आमच्या घरात पहिल्याच दिवशी लागू झाली.

इथं मला थोडं आडरानात शिरावंसं वाटतं, कारण मामा एकटे नाहीत. स्वीडनमध्येच 1959 साली फ्रीडरिश युर्गेन्सन नावाचा चित्रकार पाखरांचे आवाज टेपवर घेत होता. टेप ऐकताना त्याला पाखरांमागून माणसं बोलताना ऐकू आली, आणि त्यानं ठरवलं की ही मेलेली माणसं. त्याचं ऐकून लाटवियाचा कोन्स्टँटिन राउदिव्ह कामाला लागला. ढिगानं टेपा भरल्या, जाड पुस्तक लिहिलं. 1971 मध्ये त्याची इंग्रजी आवृत्ती आली. शंका घेणारे म्हणतात, की कुठल्या तरी केंद्राचे भरकटलेले तुकडे टेपवर येत, आणि अर्थ नसलेल्या खरखरीत अर्थ शोधणं ही माणसाच्या कानाची खोडच आहे. मलाही तेच पटतं. पण राउदिव्हच्या भुतांची एक लकब मजेदार होती. ती एका वाक्यात तीन-चार भाषा मिसळून बोलत. सुरुवात जर्मन, मधे लाटवियन, शेवट स्वीडिश. आणि या सगळ्या भाषा राउदिव्हला येत होत्या.

मी हे मामांना सांगितलं. टीकाकारांचा मुद्दा मुद्दाम ठासून सांगितला, की बघा, भुतं नेमकी ऐकणाऱ्याच्याच भाषा बोलतात, यातच काय ते आलं. मामांचे डोळे चमकले. "एका वाक्यात चार भाषा? मग तो लाटविया का काय म्हणालास, ते आपल्या भालकीसारखंच गाव असणार."

आता यावर काय बोलावं! आमच्याकडं जिवंत माणूस 'येन्री पाटील, कल क्यों नै आये, वाट बघूलालतो' असं एका दमात बोलतो, आणि ऐकणाऱ्याला त्यात तीन भाषा होत्या हे सांगावं लागतं. मेल्यावर तो एकाएकी शुद्ध बोलू लागेल, ही अपेक्षाच चूक. मामांनी लगेच दाखले जोडले. हुमनाबादशेजारच्या माणिकनगरच्या माणिकप्रभूंनी मराठीत पदं केली, कन्नडमध्ये केली, हिंदी-उर्दूत केली. अष्टूरला अहमदशहा वलीच्या उरुसाला कलबुर्गीकडून जंगमस्वामी येतात. "देवाला चालतं, वलीला चालतं. भुतालाच तेवढं एक भाषेचं बंधन?"

नातवानं आणखी एक कोडं टाकून बघितलं. 1994 च्या 'डूम 2' या खेळात शेवटच्या राक्षसाचा आवाज चिरका, अगम्य. तो उलटा वाजवला तेव्हा कळलं, की खेळ करणाऱ्यांपैकीच एक, जॉन रोमेरो, त्यात सांगतोय: जिंकायचं तर मला मारावं लागेल. आणि खरोखरच राक्षसाच्या आत त्याचंच मुंडकं लपवलेलं होतं. नातवाला वाटलं, उलट्या आवाजापुढं तरी आज्जा हात टेकतील. मामा म्हणाले, "उर्दू इकडून वाचतात, मराठी तिकडून. दोन्ही वाचणाऱ्याला उलटं-सुलटं काय सांगतोस?"

पण खरी गंमत झाली ती पी.टी.च्या शेवटाला. तो शेवट कुणालाच नीट उलगडलेला नव्हता. मूल तीनदा हसलं पाहिजे, मग टेलिफोन वाजतो आणि दार उघडतं. ते हसतं कशानं, याबद्दल जितके खेळाडू तितकी मतं. दहा पावलं चाला. गप्प उभे राहा. हालू नका. आणि एक मत असं, की कानाला लावायच्या यंत्राच्या माईकमध्ये काही नाव उच्चारायचं. जगभर लोक आपापल्या भाषेत त्या माईकमध्ये हाका मारत होते. कल्पना करावी, रात्री दोनला कुणी ब्राझीलमध्ये, कुणी जपानमध्ये, कुणी पोलंडमध्ये, बंद खोलीत, एका नसलेल्या बाईला हाक मारतोय.

आमच्या घरी नातवानं इंग्रजीत हाका मारल्या. पोरांनी मारल्या. मूल दोनदा हसलं, तिसऱ्यांदा हसेना. तास झाला. मामा उठले, नातवाच्या कानावरचं यंत्र काढून आपल्या कानाला लावलं. टोपीमुळं ते नीट बसेना, तेव्हा टोपी काढली. देवळाबाहेर त्यांनी टोपी काढलेली मी तेव्हा पहिल्यांदा बघितली. कडुलिंबाखाली समोर येऊन उकिडव्या बसणाऱ्या बाईला विचारावं तसं त्यांनी विचारलं:

"येन बेकव्वा?"

काही नाही.

"एमि कावालम्मा?"

काही नाही.

"क्या होना मा?"

बोळात वारा सुटल्यासारखा आवाज.

"काय पाहिजे गं बाई? सांग, लिहून घेतो."

मूल हसलं. नातवाच्या हातातलं यंत्र थरथरलं. टेलिफोन वाजला.

पुढची पाच मिनिटं घरात जो आरडाओरडा झाला तो भीतीचा नव्हता. टीव्हीवर दार उघडलं, बोळ संपला, एक माणूस ओसाड रस्त्यानं चालू लागला आणि 'सायलेंट हिल्स'चं नाव झळकलं. ते कुणी बघितलंच नाही. कारण तोवर वाद पेटला होता: भूत कुठल्या भाषेला वळलं?

उदगीरचे भाऊजी म्हणाले, सरळ आहे, शेवटी मराठी बोलले, मराठीला वळलं. जहीराबादचे दाजी म्हणाले, छे, आवाज पोचायला वेळ लागतो, ते तेलुगूचं उत्तर होतं. शेजारचे पाटील खिडकीतून बघत होते. त्यांनी ठणकावलं, की पहिल्यांदा कन्नडमध्ये विचारलं, पहिला हक्क कन्नडचा. दखनीची बाजू घेणारं घरात कुणी नव्हतं म्हणून फटाकेवाल्या दुकानदाराला बोलावून आणलं. तो सगळं ऐकून म्हणाला, "हौ, वारा तो हमारेच पे सुट्या." 1967 मध्ये सीमावादावरच्या महाजन आयोगाचा अहवाल आला तेव्हाही आमच्या ओसरीवर एवढी भांडणं झाली नव्हती, असं मामी म्हणाल्या. नातू घसा फोडून सांगत होता, की कदाचित आपण तेवढा वेळ स्थिर उभे राहिलो म्हणूनच ते झालं असेल, भाषेचा संबंधच नसेल. त्याचं कुणी ऐकलं नाही. स्थिर उभं राहण्यावरून भांडता येत नाही.

मामांनी मात्र कुठल्याच बाजूला कौल दिला नाही. टोपी घालून ते म्हणाले, "तिला विचारणारं कुणी नव्हतं. विचारलं." आणि मग लगेच, स्वभाव जाईना म्हणून, "तसं माझं कन्नड चांगलंच आहे."

आठवडाभरानं, 1 नोव्हेंबरला, गुलबर्ग्याचं सरकारी नाव कलबुर्गी झालं. मामांना त्या दिवसांत पाटी-लेटरहेडांची कामं इतकी आली, की लिसाचा विषय मागं पडला.

पुढच्या एप्रिलमध्ये नातवाचा हैदराबादहून फोन. 'सायलेंट हिल्स' रद्द झालं आणि 29 एप्रिल 2015 पासून पी.टी. दुकानातून काढून टाकलं. ज्याच्या यंत्रात आधीपासून आहे त्याच्याकडंच राहणार. ते पुसलं गेलं तर परत मिळणार नाही. अशी यंत्रं लोक चढ्या भावानं विकतायत, आपलंही विकू का? मामांनी विचारलं, "म्हणजे रेकॉर्ड नष्ट केलं?" नातू म्हणाला, तसंच समजा. "आणि आपल्याकडं मूळ प्रत आहे?" आहे. "मग कोण विकतं?"

ते यंत्र मागवून घेतलं गेलं. नातवानं दुसरं घेतलं. अधूनमधून तो फोनवर नव्या खेळांची खबर देतो. 2019 मध्ये त्यानं 'कंट्रोल'बद्दल सांगितलं. फिनलंडच्या रेमेडी कंपनीचा खेळ. एक अवाढव्य सरकारी कचेरी, तिच्या खोल्या आपोआप जागा बदलतात, कर्मचारी हवेत लटकून काहीबाही पुटपुटतात, आणि सगळं काही ठाऊक असलेला एकच माणूस, झाडलोट करणारा अह्ती. तो फिनिश म्हणी शब्दशः इंग्रजीत बोलतो, मधेच फिनिश गातो, कुणाला धड कळत नाही. नातवाला वाटलं, आज्जांना नवल वाटेल.

"कचेरी आहे, फाइल जिथं ठेवली तिथं सापडत नाही, साहेब लटकलेले आहेत आणि सगळं शिपायाला माहीत आहे," मामा म्हणाले. "यात भुताचं काय ते सांग."

मागच्या उन्हाळ्यात मी गेलो तेव्हा मामांनी कपाट उघडून जुने कागद दाखवले. लाल फडक्यात बांधलेले दस्तर, एकावर एक. सेतवारं, खासरे, वाटणीपत्रं. सर्वात खाली एक चौकोनी, जड दस्तर. गाठीत चिठ्ठी खोचलेली. वर उर्दूत 'जेरे-तजवीज'. खाली कन्नडमध्ये 'बाकी इदे'. त्याखाली मराठीत 'प्रलंबित'. तेलुगू त्यांना लिहिता येत नाही, म्हणून नारायणखेडच्या एका पोराकडून लिहून घेतलेलं.

त्याच्याही खाली एक ओळ कोरी सोडली होती. मी विचारलं.

"स्वीडिशचं कुणी आलं गावात, तर त्याला लिहायला जागा नको?"